पावणेआठचे निनावे

तुम्ही त्यांना कमरेपर्यंतच पाहिलंत.
वर निळा ब्लेझर, एकतीस वर्षं तोच.
टेबलाखाली लुंगी, रबरी चप्पल,
कारण कूलर लावला की माइकमध्ये घरघर येई,
आणि मे महिन्यात नागपुरात
पँट घालून माणूस खरं बोलू शकत नाही,
हे त्यांचंच वाक्य.
मी कॅमेरामन. मी पूर्ण पाहिले.

गोळीबार चौकात बापाचा माग होता.
धोटा इकडून तिकडे, तिकडून इकडे,
त्या ठेक्यावर पोरगं बोलायला शिकलं.
पुढे कबड्डीची चढाई सांगताना
मला कायम तो धोटा ऐकू यायचा:
गेला, शिवला, परतला.
गेला, शिवला,
आणि परतलाच नाही.

स्कोअर लग्नपत्रिकांच्या पाठीवर.
पुढून चि. सौ. कां.,
मागून कामठी तीन, मोतीबाग दोन.
देश जिंकला की हरला ते सांगायला मोठी चॅनेलं होती.
निनावे सांगत, नंदनवनातल्या कुठल्या पोरीने
सुजल्या घोट्याला पेप्सीकोल्याची कांडी बांधून
शेवटचा डाव काढला.
त्याआधी तिच्या घरी फोन.
"ताई, नाव मृणाल का मृणाली?
हव. अन् आडनावात ल का ळ?"
मी म्हणायचो, सर, कोणाला फरक पडते?
"ज्याचं नाव आहे त्याले पडते ना बावा."

आडनाव निनावे,
आणि रोज रात्री दहा मिनिटं
दुसऱ्यांची नावं धुऊन, झटकून
गावभर वाळत घालायचे.

एक गोष्ट मी कोणाला सांगितली नाही.
मालक टेप विकत घेत नसे.
आजच्या खो-खोवर उद्या कोणाचं साक्षगंध,
त्यावर परवा मोहल्ल्याची आरती.
बटण माझ्याच बोटाखाली असायचं.
एकतीस वर्षांतलं
एक मिनिटही आता कुठे नाही.
त्यांना ठाऊक होतं. एकदा ठेल्यावर विचारलंच,
वाईट नाही वाटत?
ते तर्रीत चमचा फिरवत राहिले.
"चने कमी केले याने," म्हणाले.

शेवटच्या दिवशी निरोप वगैरे काही नाही.
उद्यापासून पावणेआठला सोन्याचे भाव, एवढंच कळलं.
ते नेहमीसारखं म्हणाले, निकाल इतकेच.
ब्लेझर खुंटीला लावला
आणि लुंगीवरच घरी गेले.

मग एका डिसेंबरात
वर्धा रोडला सिग्नलवर अडवलं आम्हाला.
स्कूटर माझी, मागे ते, हेल्मेट दोघांनाही नाही.
"मॅडम, जरा ऐकता का,"
एवढंच बोलले,
आणि तिचं पेन हवेत थांबलं.
"सर? पावणेआठवाले?
तुम्ही माझं नाव घेतलं होतं टीव्हीवर.
रेशीमबागची फायनल. सातवीत होती मी.
आईने शेजाऱ्यांना हाका मारल्या,
ते येईपर्यंत संपलं."

निनावेंनी तिच्या छातीवरची पट्टी वाचली.
डोळे मिटले. ओठ हलले.
"तुपकर. वृंदा.
रेशीमबाग नव्हे, चिटणीस पार्क.
तीन मिनिटं दहा सेकंद पळाल्या तुम्ही.
अन् आक्रमणात एकदा
खांब धरायचा राहिला."
ती एवढी हसली
की मागचे रिक्षावाले हॉर्न द्यायचे थांबले.
मग पुस्तक उघडलं.
"दंड तर भरा लागन सर. पूर्ण नाव?"

"पुंडलिक निनावे."
तिने लिहिलं.
मग शाळेत हजेरी घेतात तसं
एकदा मोठ्याने वाचून दाखवलं,
बरोबर आहे ना म्हणून.
ते नुसते हव म्हणाले, आणि तेही नीट उमटलं नाही.

पावती त्यांनी खिशात ठेवली.
ठेवण्याआधी उलटून पाहिली,
मागची बाजू कोरी आहे का.